पेठेतील पितळी पातेले : पुण्याच्या अमृततुल्याची विद्या

व्हिएतनामच्या सहलीला जाणाऱ्या भारतीय कुटुंबांची संख्या अलीकडच्या काही वर्षांत बरीच वाढली आहे. हनोई किंवा होई आन या शहरांत मंदिरे, बाजारपेठा आणि नौकाविहार यांच्या जोडीला आता आणखी एक कार्यक्रम असतो, तो म्हणजे स्वतःच्या हाताने कॉफी करायला शिकविणारा दीड-दोन तासांचा वर्ग. प्रत्येकापुढे काचेचा पेला आणि त्यावर बसणारी 'फिन' नावाची धातूची लहानशी गाळणी ठेवतात. पेल्याच्या तळाशी दोन चमचे आटवलेले गोड दूध घालायचे. फिनमध्ये गडद भाजलेल्या कॉफीची वीस-पंचवीस ग्रॅम पूड भरून ती हलकेच दाबायची. आधी थोडेसेच गरम पाणी घालून पूड अर्धा मिनिट भिजू द्यायची आणि मग उरलेले पाणी ओतायचे. चार-पाच मिनिटे थेंब-थेंब गळणाऱ्या कॉफीकडे पाहत बसणे हाही त्या शिक्षणाचाच भाग होय.

शिकविणारा हे करता करता देशाचा इतिहासही सांगतो. फ्रेंच मिशनऱ्यांनी १८५७ साली कॉफीचे रोप तेथे आणले. उष्ण हवेच्या त्या देशात ताज्या दुधाची चणचण असल्याने डब्यातील आटवलेले दूध वापरात आले. १९४६ साली, दुधाच्या टंचाईच्या काळात, हनोईच्या मेट्रोपोल हॉटेलातील न्गुयेन वान ज्यांग यांनी दुधाऐवजी अंड्याचा बलक फेटून कॉफी केली. आजही तो प्रकार तेथे मोठ्या कौतुकाने शिकविला जातो. म्हणून जैन प्रवाशांनी वर्गात नाव नोंदवितानाच अंड्याची कॉफी नको हे स्पष्ट सांगावे. नारळाच्या दुधाची कॉफी हा चांगला पर्याय असतो. प्रवासी घरी परतताना एक फिन विकत आणतो आणि त्या पेयामधून एका देशाचे हवामान, राजवट आणि टंचाई यांची ओळखही घेऊन येतो.

एखाद्या परगावच्या पाहुण्याने पुण्यात असाच वर्ग मागितला, तर त्याला कोणते पेय शिकवावे? याचे उत्तर मध्यवर्ती पेठांत राहणाऱ्या कोणत्याही व्यापाऱ्याला ठाऊक आहे. ते म्हणजे अमृततुल्य चहा. मात्र त्याचा वर्ग कोठे भरत नाही. गेली सुमारे शंभर वर्षे ही विद्या शेगडीजवळ उभे राहूनच शिकली आणि शिकविली गेली.

या पेयाच्या आधीचा पुण्याचा चहा मोठा वादग्रस्त होता. १८९० साली पंचहौद मिशनमधील एका समारंभात शहरातील नामवंत मंडळींपुढे चहा ठेवण्यात आला. न्यायमूर्ती रानडे आणि लोकमान्य टिळक हेही त्यांत होते. गोपाळराव जोशी यांनी उपस्थितांची नावे 'पुणे वैभव' पत्रात प्रसिद्ध करविली आणि शहरात ग्रामण्य उभे राहिले. चौकशी झाली, प्रायश्चित्ते झाली. वाद पेयापेक्षा ते कोणाच्या हातचे, यावर अधिक होता. खाण्यापिण्याच्या बाबतीत हात पाहण्याची ही सवय पुढेही अनेक वर्षे टिकली. अशा शहरात राजस्थानातून आलेल्या श्रीमाळी ब्राह्मणांनी चहाची दुकाने मांडली. ब्राह्मणाच्या हातचा चहा घेण्यास त्या काळी बहुतेकांची हरकत नसे. त्यामुळे पेठेतील शेटजी, त्यांचे मुनीम, कारकून आणि हमाल असे सर्वच एका शेगडीवरचा चहा घेऊ लागले.

आपल्या वाचकांसाठी येथे एक विशेष धागा आहे. श्रीमाळी हे नाव जालोर जिल्ह्यातील भीनमाल या नगराच्या 'श्रीमाल' या प्राचीन नावावरून आले. आपल्यातील श्रीमाळ जैन कुटुंबेही आपले मूळ त्याच नगरात सांगतात. ओसवाळ ओसियाँचे नाव घेतात. तीही मारवाडचीच भूमी. जालोर, पाली, सिरोही या भागांतून एक प्रवाह सराफी, कापड आणि भुसार मालाच्या व्यापारासाठी पुण्यात आला, तर दुसरा चहाच्या शेगडीसाठी. सोन्या मारुती चौक, लक्ष्मी रस्ता, रविवार पेठ, मंडई या परिसरात दोघे एकमेकांचे शेजारी झाले. सोन्या मारुती चौकाजवळचे 'आद्य अमृततुल्य' या परंपरेतील पहिले दुकान मानले जाते आणि ते १९२४ साली सुरू झाल्याचे सांगतात. पुढच्या अनेक दुकानांना शंकराची आणि देवीची नावे मिळाली. जबरेश्वर, ओंकारेश्वर, नर्मदेश्वर, अंबिका या पाट्या आजही पुणेकरांच्या ओळखीच्या आहेत.

जुन्या पद्धतीच्या दुकानाची रचना पाहण्यासारखी असते. दाराशीच उंच ओट्यावर शेगडी आणि तिच्याजवळ मालकाची बैठक. गिऱ्हाइकाला सारे काही समोर दिसते. पितळी पातेले, ते उचलण्याची पक्कड, लांब दांड्याचा डाव, वेलदोडे कुटण्याचा खलबत्ता, गाळण्याचे कापड, चहा राखणारी किटली आणि भिंतीवर देवांच्या तसबिरी. पितळ लवकर तापते आणि उष्णता सर्वत्र सारखी पसरविते, म्हणून ते पातेल्यासाठी सोयीचे. पण पितळेच्या भांड्याला आतून कथलाची कल्हई असावी लागते आणि ती झिजली की पुन्हा करून घ्यावी लागते. आज पेठांतसुद्धा कल्हईवाला शोधावा लागतो.

कृती पाहताना सोपी वाटते. दूध, पाणी आणि साखर एकत्र उकळू लागली की बारीक चहापूड पडते. खलबत्त्यात ताजा कुटलेला मसाला पडतो. डावाने चहा वर उचलून पुन्हा पातेल्यात सोडण्याची क्रिया सतत चालू राहते. तिच्यामुळे उतू जाऊ पाहणारे दूध आवरले जाते आणि पुडीचा रंग सारखा उतरतो. मग मालक डावातील एक-दोन थेंब तळहातावर घेऊन चाखतो. रंग, गोडी आणि कडकपणा यांचा निर्णय त्या थेंबांवर होतो. आणखी अर्धा मिनिट ठेवायचे की लगेच उतरवायचे, हे घड्याळावर ठरत नाही. पातेले पक्कडीने उचलले जाते, फडक्यातून चहा किटलीत जातो आणि दुसरा घाणा चढतो.

या कृतीत लिहून ठेवता न येणारा भाग फार मोठा आहे. दूध रोज सारखे नसते. उन्हाळ्यातील आणि पावसाळ्यातील दुधाचा कस वेगळा. चहापुडीची नवी पेटी फोडली की रंग बदलतो. सकाळी सहाला मंडईत येणाऱ्या गिऱ्हाइकाला कडक चहा हवा असतो, दुपारी दोनला गादीवर बसलेल्या व्यापाऱ्याला थोडा मवाळ चालतो. म्हणून येथे प्रमाणाचा कागद कोणी देत नसे. गावाकडून आलेला भाचा किंवा पुतण्या आधी कपबशा विसळी. मग किटली आणि पेल्यांची जाळी घेऊन दुकानोदुकानी फिरे आणि कोणाला बिनसाखरेचा, कोणाला अर्धा, हे पाठ करी. त्यानंतर त्याच्याकडे मसाला कुटणे येई. डाव हातात यायला वर्षे लागत. आपल्या पेढ्यांवरही मुलगा प्रथम झाडलोट करी, मग माल मोजी, मग उधारीची वही पाही आणि सर्वांत शेवटी भाव बोले. दोन्हीकडील शिक्षणाची रीत एकच होती.

व्यवहाराची रीतही परस्परांना परिचित होती. दुकानात येणाऱ्या गिऱ्हाइकाचा चहा रोखीचा. पेढीवर जाणाऱ्या चहाच्या मात्र वहीत रेघा ओढल्या जात आणि हिशेब आठवड्याने किंवा महिन्याने होई. सौदा ठरला की दोन चहा सांगायचे आणि सौदा फिसकटला तरी चहा दिल्यावाचून माणसाला उठू द्यायचे नाही, हा पेठेचा शिरस्ता. भुसार बाजार नाना आणि भवानी पेठेतून गुलटेकडीच्या मार्केट यार्डात गेला, तेव्हा चहाची किटलीही त्याच्या मागोमाग गेली.

गेल्या दहा-बारा वर्षांत 'अमृततुल्य' हा शब्द पुण्याबाहेर दूरवर पोहोचला. शाखा देण्याच्या पद्धतीने चालणारी चहाची दुकाने गावोगावी दिसू लागली. त्यांनी अनेक तरुणांना थोड्या भांडवलात धंदा दिला आणि स्वच्छतेची नवी सवय लावली, हे मान्य केले पाहिजे. मोजून बांधलेल्या मसाल्याच्या पुड्यांमुळे चव सर्वत्र एकसारखी राहते आणि नवखा माणूस आठवडाभरात तयार होतो. तथापि जेथे मसाल्याची पुडी बाहेरून येते तेथे खलबत्ता थांबतो, आणि जेथे प्रमाण छापून येते तेथे तळहातावरील थेंबाचे काम उरत नाही. दुसरीकडे जुन्या दुकानदारांची मुले शिकली आणि नोकऱ्यांना लागली. पहाटे चारला शेगडी पेटविणाऱ्या बापाने मुलाला त्याच ओट्यावर बसवावे की बसवू नये? हा प्रश्न आपल्या पेढ्यांना परका नाही. मुलाचे हित आणि विद्येचे हित येथे वेगवेगळ्या दिशांना ओढतात. बहुतेक बापांनी मुलाचे हित निवडले, आणि त्यांना दोष देता येणार नाही. तरीही त्या हातांबरोबर जे जाईल, ते कोणत्याही पुडीतून परत मिळणार नाही.

म्हणून परदेशी वर्गाला जाण्यापूर्वी किंवा तेथून परतल्यावर कुटुंबातील मुलांना एका सकाळी पेठेत न्यावे. गुरुवार पेठेत गोडीजी पार्श्वनाथांचे दर्शन घेऊन चालत निघाले तरी अशी दुकाने लांब नाहीत. गर्दी ओसरल्यावर मालकाची परवानगी घ्यावी, बाजूला उभे राहून एक घाणा आरंभापासून अखेरपर्यंत पाहावा आणि मुलांना प्रश्न विचारू द्यावेत. व्हिएतनाममध्ये ज्या कुतूहलाने आपण फिनकडे पाहतो, त्याच कुतूहलाने या पातेल्याकडे पाहावे. आपण आणलेली चिकाटी पाहून मालकाने डाव हातात दिलाच, तर तो मान समजावा. अनेक दुकानांच्या मसाल्यात ताजे आले असते. ज्यांना कंदमूळ वर्ज्य आहे त्यांनी घाणा चढण्यापूर्वीच विचारावे, कारण पातेल्यात पडलेले आले एका कपापुरते बाजूला काढता येत नाही.

घरी प्रयोग करू इच्छिणाऱ्यांसाठी आरंभीचे प्रमाण असे धरावे : चार लहान कपांसाठी तीनशे मिलिलिटर दूध, दीडशे मिलिलिटर पाणी, चार चमचे साखर, तीन चमचे बारीक चहापूड आणि तीन ताजे कुटलेले वेलदोडे. ज्यांच्या घरी सुंठ चालते त्यांनी चिमूटभर घालावी. आले घालणाऱ्यांनी ते आधी पाण्यात नीट उकळून घ्यावे, कारण कच्च्या आल्याने दूध फाटण्याचा संभव असतो. मंद आचेवर पाच-सहा मिनिटे डावाने वरखाली करीत राहावे आणि उतरविण्याआधी एक थेंब निववून तळहातावर घ्यावा. पहिल्या दिवशी त्या थेंबावरून काहीच कळणार नाही. महिनाभर रोज एकाच भांड्यात, एकाच पुडीचा चहा केला, तर फरक कळू लागतो.