दोन दिवस आधीं

आमचें घर मुदखेडला. आदिलाबादकडे जाणारा फांटा येथूनच फुटतो, त्यामुळें गाड्यांच्या वेळा घरांतल्या पोरांनाही पाठ. मामंजींचें लक्ष मात्र गेलीं सहा वर्षें गाड्यांपेक्षां टपालवाल्याकडे अधिक असतें.

मामंजींनीं ३४ वर्षें एका सरकारी कचेरींत हिशेबाचें काम केलें. वयाच्या ५८ व्या वर्षीं ज्या महिनाअखेरीस ते मोकळे व्हावयाचे, तिच्या दोनच दिवस आधीं त्यांच्या हातीं दोषारोपपत्र पडलें. प्रकरण ११ वर्षांपूर्वींच्या एका खरेदीचें. माल आल्याची नोंद वहींत आहे, पण तो मोजून घेतल्याची पावती फाइलींत नाहीं, एवढाच आरोप. मुदखेड फुलांचें गांव; निरोपाचा हार आधींच सांगून ठेवलेला होता. तो गळ्यांत घालून मामंजी घरीं आले, आणि खुंटीला न लावतां तसाच घालून बराच वेळ ओसरीवर बसले.

महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ हें पुस्तक त्यानंतर मीं भाऊजींबरोबर बसून वाचलें. सुनेनें वाचावयाचें तें पुस्तक नव्हे, हें खरें. पण वेळ आली. त्यांतील २७ वा नियम असा, कीं निवृत्तीनंतर नवी विभागीय चौकशी शासनाच्या मंजुरीवांचून सुरू करतां येत नाहीं, आणि चार वर्षांहून जुन्या घटनेबद्दल तर मुळींच नाहीं. परंतु दोषारोपपत्र सेवेंत असतांना दिलेलें असलें, तर तीच चौकशी पुढें चालूं शकते. म्हणजे तो लखोटा तीन दिवस उशिरां येता, तर हें प्रकरण उघडलेंच नसतें! १३० व्या नियमान्वयें तोंवर तात्पुरतें निवृत्तिवेतन मिळतें. उपदानाची रक्कम मात्र चौकशी संपेपर्यंत अडकते. त्या रकमेंतून गळकें माळवद काढून स्लॅब घालावयाचा होता.

चौकशी होऊंच नये, असें माझें म्हणणें नाहीं. पैसा जनतेचा, तो खाऊन सुखानें निवृत्त झालेल्यांविषयीं आपणच घरोघरीं चरफडतों. पण सर्वोच्च न्यायालयानें २०१५ सालीं प्रेमनाथ बाली यांच्या प्रकरणांत सांगितलें आहे, कीं अशी चौकशी शक्यतों सहा महिन्यांत, आणि फार तर वर्षांत संपवावी. येथें सहा वर्षें झालीं. ज्या भांडारपालानें माल मोजला, तो तीन वर्षांपूर्वीं वारला. आतां मामंजींची साक्ष कोण देणार?

आणि एक गोष्ट लिहितांना लाज वाटते. गेल्या पावसाळ्यांत गळतीखालीं पातेलें ठेवतांना माझ्या मनांत आलें, 'खरेंच पावती होती ना?' ज्यांनीं घरच्या किराण्याचा आणा न् पै लिहून ठेवला, त्यांच्याविषयीं! मीं तें कोणाला बोललें नाहीं.

भाऊजींचें म्हणणें, छत्रपति संभाजीनगरच्या प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जावें. २००५ सालीं महादेवन यांच्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें दहा वर्षें उशिरानें काढलेलें दोषारोपपत्र रद्द केलें होतें, तोच आधार घ्यावा.

"उशिराच्या मुद्द्यावर सुटलों, तर लोक म्हणतील मुदतीनें वांचला," मामंजी म्हणाले. "पावती होती. तेवढें त्यांनीं लिहून द्यावें. पैसे नाहीं दिले तरी चालेल."

"लोकांच्या डोक्यावर माळवद गळत नाहीं," सासूबाई आंतून म्हणाल्या.

गेल्या आठवड्यांत पुन्हां पत्र आलें. चौकशी अधिकारी बदलले, हे तिसरे. पुढील तारीख मागाहून कळविण्यांत येईल. मामंजींनीं तें दोनदां वाचलें, घडी घालून फाइलींत ठेवलें, आणि सासूबाईंकडे न पाहतां भाऊजींस विचारलें, "संभाजीनगरची गाडी सकाळीं किती वाजतां?"