डिफेंडरचा हिशोब

राहुल भेके कोण, असं आमच्या खामगावात दहा जणांना विचारून बघा. नऊ जण "कोनत्या गावचा हाय?" असं उलट विचारतील आणि दहावा म्हणेल, "भेके? कापसाचे अडते ना?" :-)

दोष कोणाचाच नाही. आमच्या बुलढाणा जिल्ह्यात फुटबॉल म्हणजे पीटीच्या सरांच्या कपाटातला, हवा गेलेला एक बॉल. पंप सापडला तर सुई सापडायची नाही. आम्ही वाढलो ते कबड्डी, खो-खो आणि टेनिस बॉल क्रिकेटवर. फुटबॉल बघायला लागलो तो पुण्यात नोकरी लागल्यावर, रूम पार्टनरच्या नादाने. आणि का कोण जाणे, माझं लक्ष गोल मारणाऱ्यांपेक्षा मागे उभ्या राहणाऱ्यांकडेच जास्त जायला लागलं. म्हणून आज भेकेबद्दल.

जन्म मुंबईचा, 6 डिसेंबर 1990. डिफेंडर. कधी राइट बॅक, कधी सेंटर बॅक. यूट्यूबवर त्याचं नाव टाकलं तर साधारण काय सापडतं ते सांगतो.

एक. 20 एप्रिल 2018, भुवनेश्वर, सुपर कपची फायनल. ईस्ट बंगालने आधी गोल केला. 39व्या मिनिटाला बंगळुरू एफसीच्या भेकेने बरोबरी साधली आणि पुढे बंगळुरूने मॅच 4-1 ने मारली. गंमत म्हणजे आदल्याच वर्षापर्यंत हा गडी ईस्ट बंगालचा होता.

दोन. 17 मार्च 2019, मुंबई, आयएसएलची फायनल. बंगळुरू विरुद्ध एफसी गोवा. नव्वद मिनिटं झाली, गोल नाही. जादा वेळ सुरू झाला. त्यात गोव्याच्या अहमद जाहूला रेड कार्ड मिळालं. आता पेनल्टीवर जाणार असं वाटत असताना 117व्या मिनिटाला दिमास देल्गादोने कॉर्नर घेतला, भेकेने डोकं लावलं, 1-0. बरोबर एक वर्ष आधी, 17 मार्चलाच, बंगळुरू आपल्याच मैदानावर चेन्नईयिनकडून फायनल 3-2 ने हरली होती, आणि चेन्नईयिनच्या त्या तीनपैकी दोन गोल मायल्सन आल्व्हेस नावाच्या डिफेंडरने हेडरनेच मारले होते.

तीन. 11 एप्रिल 2022, रियाध, एएफसी चॅम्पियन्स लीग. मुंबई सिटी विरुद्ध इराकचा एअर फोर्स क्लब. मुंबई एका गोलने मागे. दिएगो मौरिसिओने पेनल्टीवर बरोबरी केली, मग कॉर्नर, भेकेचं हेडर, 2-1. या स्पर्धेत भारतीय क्लबने जिंकलेली ही पहिलीच मॅच. आणि तो कॉर्नर घेणारा कोण? जाहू! तीन वर्षांपूर्वी रेड कार्ड घेऊन बाहेर गेलेला तोच.

पुढे भारताकडूनही नोव्हेंबर 2024 मध्ये मलेशियाविरुद्ध आणि मार्च 2025 मध्ये मालदीवविरुद्ध त्याने गोल केले.

हे सगळं वाचून तुम्ही म्हणाल, हा तर स्ट्रायकर दिसतोय. आणि माझा मुद्दा तोच आहे. वरच्या यादीतली एकही गोष्ट त्याच्या मूळ कामाची नाही. ज्या कामाचा त्याला पगार मिळतो त्याची क्लिप कोणी टाकत नाही, कारण तिथे घडलेलं काहीच नसतं. गोल झाला नाही, याची क्लिप कशी टाकणार?

मागे सुट्टीत घरी गेलो होतो तेव्हा बाबांबरोबर एक मॅच बघत होतो. बाबा तरुणपणी कबड्डी खेळलेले, राइट कव्हर. वीसेक मिनिटं शांतपणे बघून त्यांनी विचारलं, "त्या मागच्या पोरानं दोन डाव बॉल काढून घेतला. त्याचा पॉइंट कोनाले?" मी म्हटलं, कोणालाच नाही. "मंग तो काहून खेळते?"

या प्रश्नाला मी तेव्हा काहीतरी उत्तर दिलं, पण प्रश्न डोक्यातून जाईना. कारण बाबांच्या खेळात पकड केली की पॉइंट मिळतो. तीन किंवा त्याहून कमी गडी उरले असताना पकड केली तर प्रो कबड्डीत सुपर टॅकलचा एक जादा मिळतो. आपल्याकडच्या स्पर्धांत उत्कृष्ट चढाईला बक्षीस असतं तसंच उत्कृष्ट पकडीलाही असतं. खो-खोमध्ये तर याहून भारी. कोण किती वेळ पळत राहिलं ते घड्याळ लावून मोजतात आणि दुसऱ्या दिवशी पेपरात छापतात, अमुकने दोन मिनिटं दहा सेकंद संरक्षण केलं म्हणून. म्हणजे 'बाद न होणं' ही गोष्ट आपल्या मातीतल्या खेळांनी कधीच हिशोबात धरलीय. फुटबॉलने मात्र गोल सोडून वहीत काही लिहिलंच नाही. क्लीन शीट म्हणतात ती असते, पण ती जमा होते गोलकीपरच्या नावावर!

हे फक्त आपल्याकडे असंही नाही. जगातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूला दिला जाणारा बॅलन डी'ओर 1956 पासून सुरू आहे. तो मिळालेले डिफेंडर किती? बेकेनबाउर (1972 आणि 1976), झामर (1996) आणि कान्नावारो (2006). संपली यादी.

हल्ली कॉम्प्युटरवर टॅकल, इंटरसेप्शन, क्लिअरन्स सगळं मोजतात हे खरं. पण त्यातही गोची आहे. आमच्या सपोर्टच्या कामात महिन्याला किती तिकिटं बंद केली ते मोजतात. ज्याने मुळात असं काम करून ठेवलंय की तिकीटच येऊ नये, तो रिपोर्टमध्ये सगळ्यात खाली दिसतो. डिफेंडरचं तसंच आहे. चांगला डिफेंडर आधीच दोन पावलं सरकून अशा जागी उभा राहतो की पास देणारा विचार बदलून बॉल दुसरीकडे मारतो. झालं, काम संपलं. टॅकल शून्य, इंटरसेप्शन शून्य. ऑफसाइडची लाइन धरून चौघांनी एकदम पुढे सरकायचं, त्यात एकजण अर्धा सेकंद रेंगाळला तर समोरचा मोकळा सुटतो. आणि हे नव्वद मिनिटं. एकोणनव्वद मिनिटं नीट केलं आणि एकदा चुकलं, तर क्लिप येते ती त्या एका चुकीची.

आता भेकेच्या करिअरकडे पुन्हा बघा. सुरुवात एअर इंडियाकडून, मग मुंबई एफसी, मग ईस्ट बंगाल. तिथे असतानाच लोनवर 2015 मध्ये केरला ब्लास्टर्स आणि 2016 मध्ये पुणे सिटी. एअर इंडियाला 2013 मध्ये लायसन्सच्या अटींवरून आय-लीगबाहेर काढलं. मुंबई एफसी 2017 मध्ये खालच्या पायरीवर घसरली आणि बंदच झाली. पुणे सिटी 2019 मध्ये बंद. त्याच्याही आधी, 2005-06 ची नॅशनल लीग जिंकलेला महिंद्रा युनायटेड 2010 मध्ये कंपनीने गुंडाळला होता. म्हणजे मुंबई-पुण्याच्या पोराने ज्या पायऱ्यांवरून वर चढायचं, त्या पायऱ्याच एकेक करून काढून घेतल्या गेल्या. आयटीत कंपनी बंद पडली तर आपण रेझ्युमे अपडेट करतो, स्किल सेट लिहितो. डिफेंडरने रेझ्युमेत काय लिहायचं? 'माझ्या बाजूने गोल झाले नाहीत'?

मला वाटतं त्या 117व्या मिनिटाचं महत्त्व इथे आहे. फायनलचा गोल 17 मार्चचा. भारताकडून पहिली मॅच 5 जून 2019 ला, थायलंडच्या किंग्स कपमध्ये कुरासावविरुद्ध, वयाच्या 28व्या वर्षी. नवे कोच इगोर स्टिमाच यांचीही ती पहिलीच मॅच (हरलो, 3-1). त्याला फक्त गोलमुळे घेतलं असं मी म्हणत नाही. मागची कितीतरी वर्षं तो बचाव करतच होता. पण तो सगळ्यांना दिसला तो गोल केल्यावर, एवढं नक्की. नंतर 2024 ला मुंबई सिटीचा कॅप्टन म्हणून त्याने आयएसएल कप उचलला, तेव्हा कुठे बचाव करणाऱ्या माणसाचा फोटो मधोमध आला.

बरं, इतकं करूनही पायाखालची जमीन पक्की झाली का? जुलै 2025 मध्ये आयएसएलचा पुढचा मोसमच स्थगित ठेवला गेला आणि ऑगस्टमध्ये बंगळुरू एफसीने मुख्य टीमच्या खेळाडूंचे आणि स्टाफचे पगार थांबवले. भेके तेव्हा परत बंगळुरूतच होता. चौतीस वर्षांचा, भारताचा इंटरनॅशनल. त्याच्याबाबतीत असं, तर खामगाव-मेहकरच्या एखाद्या पोराच्या बापाला "करा फुटबॉलमध्ये करिअर" कोणत्या तोंडाने सांगणार?

तरी पोरं खेळतीलच. आणि खेळताना ज्याला फारसं जमत नाही त्याला मागे उभं करतील, ही जगभरच्या गल्ल्यांची रीत आहे. निदान आपण बघणाऱ्यांनी एवढं करावं. कबड्डी पाहून वाढलेली माणसं आहोत आपण, पकड कशाला म्हणतात ते आपल्याला कळतं. ती फायनल परत लावा. 117व्या मिनिटाला भेके कॉर्नरसाठी पुढे गेला तो मागची जागा मोकळी ठेवून. गोव्याने तो बॉल हिसकावून पळवला असता तर अडवायला बंगळुरूचं कोणीतरी अर्ध्या रेषेपाशी थांबलेलं असणारच. गोलची क्लिप पन्नासदा पाहिलीय मी, त्यात ते कोणी दिसत नाही. कॅमेरा तिकडे वळलाच नव्हता.