तमाशाची पुस्तकं कुठल्या कपाटात?

नारायण पेठ, पुणे ३०

ती. ताईस,


तुझं पत्र मिळालं. कॉलेजातल्या मुलामुलींचा वाचनगट सुरू करतेस आणि पहिलाच विषय ‘लोकांची करमणूक’ घेतलास, याचा फार आनंद झाला. यादी मागितलीस, ती देतेच. पण आधी एक मागणं आहे. ही तमाशा-लावणीची पुस्तकं मुलांना नाट्य-संगीताची म्हणून देऊ नकोस. ग्रंथालयांत ती बहुधा ‘कला’ असं लिहिलेल्या कपाटात असतात आणि समाजाचा अभ्यास करणारी मुलं त्या कपाटाकडे फिरकत नाहीत. त्र्यं. ना. आत्र्यांचा ‘गावगाडा’ १९१५ चा. गावात कोण काय राबतो आणि त्याच्या पदरात काय पडतं, हे त्यांनी मांडलं. तमाशावरचं पुस्तक त्याच्या शेजारी हवं, आणि त्यालाही तेच प्रश्न विचारायला हवेत. कोण नाचलं, कुणी पाहिलं, पैसा कुणाच्या हातात गेला, पावसाळ्यात फड बसला की ही माणसं काय खात होती? याचं उत्तर नसेल तर पुस्तक कितीही देखणं असो, माझ्या लेखी ते अर्धंच.

आमच्या पेठेत राहून हे जास्तच जाणवतं. एका बाजूला केसरीवाडा, इकडे १९११ पासूनचं पुणे मराठी ग्रंथालय, चार पावलांवर अप्पा बळवंत चौकातली पुस्तकांची दुकानं. अक्षरांवर जगणारी वस्ती ही. इथून पूर्वेला चालत गेलं की गणेश पेठेत तमाशाचं आर्यभूषण थिएटर. ‘केसरी’ १८८१ मध्ये ज्या छापखान्यात छापायला लागले त्याचंही नाव आर्यभूषणच. दोन्ही वास्तू एकाच शहरातल्या, पण एकीकडचं लिहिणं दुसरीकडच्या बायकांपर्यंत पोचायला फार उशीर झाला.

यादीची सुरुवात य. न. केळकरांपासून करते. न. चिं. केळकरांचे हे चिरंजीव. आमच्या पेठेतला रस्ता वडिलांच्या नावाचा आहे. मुलाने पोवाडे जमवले, शाहिरांची चरित्रं लावली आणि ‘अंधारातील लावण्या’ या नावाने, सभ्य घरांत ज्यांचा उच्चारही होत नसे अशा रचना छापल्या. त्यांच्याबद्दल मला मनापासून आदर आहे. ते नसते तर कितीतरी रचना बाडांतच कुजल्या असत्या. पण त्यांच्या पानांवर शाहीर भेटतो, लावणी भेटते. ती गाणारी, नाचणारी बाई मात्र भेटत नाही. दुसऱ्या बाजीरावाच्या काळात लावणीला दरबाराचा आश्रय होता हे आपण शाळेत शिकलो. नाचणारीला काय मिळालं, हे शिकलो नाही.

ती बाई मराठी पुस्तकात स्वतःच्या तोंडाने बोलली ती १९७० साली, ‘सांगत्ये ऐका’मध्ये. हंसा वाडकर तमाशातल्या नव्हेत, सिनेमातल्या. पण त्यांच्या घरात कलावंतिणींची परंपरा होती आणि पडद्यावर तमाशाची नायिका म्हणून लोकांनी त्यांनाच मानलं. १९४७ चा ‘लोकशाहीर रामजोशी’ त्यांचा. १९५९ चा अनंत मान्यांचा ‘सांगत्ये ऐका’ही त्यांचा, तो पुण्याच्या विजयानंदमध्ये १३१ आठवडे चालला. अडीच वर्षं, ताई! पुढे त्यांनी आयुष्य सांगितलं, अरुण साधूंनी शब्दांत घातलं, ‘राजहंस’ने छापलं. नाव सिनेमाचंच ठेवलं. लहान वयात कॅमेऱ्यासमोर उभं राहणं, घरातल्यांनी त्या कमाईवर जगणं, लग्न, दारू, पळून जाणं आणि परत येणं, सगळं त्यात आहे, आणि कुठेही दया मागितलेली नाही. बेनेगलांचा ‘भूमिका’ यावरून निघाला. मुलांना सिनेमा दाखव, पण पुस्तक आधी.

इथे एक गोष्ट त्यांच्या नजरेला नक्की आणून दे. ‘रामजोशी’ बघायला माणसं लोटत होती, त्याच सुमारास बाळासाहेब खेरांच्या सरकारने तमाशावर बंदी घातली. पुढे दत्तो वामन पोतदारांच्या अध्यक्षतेखाली तमाशा सुधार समिती आली, वग आधी तपासून घ्यायचे ठरले, मग खेळ सुरू झाले. म्हणजे पडद्यावरचा तमाशा घरंदाज प्रेक्षकांना चालला. कनातीतला, पेट्रोमॅक्सच्या उजेडातला मात्र आधी सुधारायला हवा होता. पडद्यावर जे दिसत होतं ते ज्यांच्याकडून आलं, त्यांच्याच चुली त्या बंदीत विझल्या. आपल्या समाजाच्या दुटप्पीपणाचा यापेक्षा स्पष्ट पुरावा मला दुसरा माहीत नाही.

यादीत पुढचं किशोर शांताबाई काळे यांचं ‘कोल्हाट्याचं पोर’, १९९४ चं. हे मुलांना सोसणार नाही असं तुझे सहकारी म्हणतील. ऐकू नकोस. नाचणाऱ्या आईचं पोर आजोबांच्या घरी वाढतं, बापाचं नाव लावता येत नाही म्हणून आईचं लावतं, डॉक्टर होतं. घरातल्या मुलींच्या पायांत चाळ बांधून बाप-भाऊ बसून खातात, हे तो आतला माणूस असून लिहितो. मी ते वाचल्यापासून टीव्हीवरच्या स्पर्धेत नऊवारीत नाचणाऱ्या, घरून कौतुकाने पाठवलेल्या मुली पाहिल्या की मला शांताबाई आठवतात. त्या मुलींवर माझा राग नाही. लावणी आता सगळ्यांची झाली ती चांगलीच गोष्ट. पण जिच्याकडून घेतली तिला काय परत दिलं, हे विचारायचं राहून गेलं. शर्मिला रेगे यांनी १९९५ च्या आपल्या इंग्रजी निबंधात लावणी, जात आणि बाईचं शरीर यांचा हाच गुंता उलगडला. वरच्या वर्गातल्या मुलांसाठी तो ठेव.

रुस्तुम अचलखांब यांचं ‘तमाशा लोकरंगभूमी’ हेही हवंच. गण, गवळण, बतावणी, वग ही रचना नीट समजायला दुसरीकडे जावं लागत नाही. तमाशा जगलेला माणूस विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकवू लागला की असं पुस्तक होतं.

आणि मग माझं सगळ्यात लाडकं, भूषण कोरगांवकरांचं ‘संगीत बारी’, २०१४. ढोलकी फडाचा तमाशा गावोगाव हिंडतो, त्याच्या सुपाऱ्या चैत्राच्या जत्रांआधी नारायणगावच्या राहुट्यांत ठरतात. संगीत बारी हिंडत नाही. ती थिएटरात राहते, तिथेच खोल्या, तिथेच रियाज, तिथेच पोरं वाढतात. बारी बाईच्या नावाने चालते, कमाईत थिएटरमालकाचा वाटा असतो. हे सगळं कोरगांवकरांनी या बायकांमध्ये बसून, वर्षानुवर्षं ऐकून लिहिलं. त्यांना उपकाराची भाषा येत नाही, भक्तीचीही नाही. मोहनाबाई महाळंग्रेकरांची बसून केलेली अदा वाचताना डोळ्यांसमोर उभी राहते, आणि त्याच पुस्तकात पैशाचा हिशेबही सापडतो. मला दोन्ही एकत्र हवं असतं. सावित्री मेधातुल यांनी या बायकांवर केलेला ‘नटले तुमच्यासाठी’ हा माहितीपटही मिळवून दाखव.

वाचायचा क्रम लावशील तर ‘संगीत बारी’ आधी, ‘कोल्हाट्याचं पोर’ लगेच, मग ‘सांगत्ये ऐका’. केळकर शेवटी. शेवटी आले की त्यांच्या पानांवर कोण नाही ते मुलांना आपोआप दिसेल.

‘संगीत बारी’ आणि अचलखांब उद्या कुरिअरने पाठवते. बाकीची चौकात शोधते. ‘अंधारातील लावण्या’ची जुनी प्रत मिळाली तर कितीही पडो, घेईन. आणि एक काम मुलांना दे. तुमच्या परभणीकडच्या जत्रांत अजून फड येतात. कुणाच्या आजोबांकडे जुनी तमाशाची हँडबिलं, सिनेमाच्या गाण्यांच्या चोपड्या असतील, तर त्या रद्दीत जाऊ देऊ नका. फडातल्या कुणाशी बोलता आलं तर गाण्याबद्दल विचाराच, पण हंगामाच्या सुरुवातीला उचल किती घेतली आणि ती फिटली का, हेही विचारा. लिहून ठेवा, मला पाठवा.

दादांना नमस्कार.

तुझी,
धाकटी