लोणारच्या सरोवराकाठीं एक दिवस

काखेंत कळसा आणि गांवाला वळसा ही म्हण आमच्या घरास जितकी लागू पडते तितकी दुसऱ्या कोणास पडत असेल असें वाटत नाहीं. आमचें मूळ गांव सोनाळा. बुलढाणा जिल्ह्याच्या उत्तर टोकाला, सातपुड्याच्या पायथ्याशीं, संग्रामपूर तालुक्यांत तें वसलें आहे. त्याच जिल्ह्याच्या दक्षिण टोकाला लोणारचें सुप्रसिद्ध सरोवर. तें पाहण्याकरितां साता समुद्रांपलीकडून विद्वान येतात, तेथील खडकाचे तुकडे जपून घेऊन जातात. आणि आम्ही मात्र त्याच जिल्ह्याचें अन्न खाऊन तेथें कधीं फिरकलों नव्हतों! "पुढच्या वर्षीं जाऊं" असें म्हणतां म्हणतां माझीं पंचेचाळीस वर्षें सरलीं आणि माझ्या वडिलांचीं एकोणऐंशीं.

वडिलांस आम्ही सर्वजण नाना म्हणतों. नानांनीं पस्तीस वर्षें शाळेंत भूगोल शिकविला. स्वच्छ धोतर, हातांत खडू आणि फळ्यावर एका झटक्यांत काढलेलें वाटोळें वर्तुळ, ही त्यांची मूर्ति अद्यापि पंचक्रोशींतील लोकांच्या डोळ्यांपुढें आहे. त्या वर्तुळाखालीं ते एक नळी काढीत, नळींतून वर जाणारा एक बाण काढीत, आणि सांगत, "हें लोणारचें विवर, हें शांत झालेल्या ज्वालामुखीचें मुख." हा पाठ त्यांच्या वर्गांत बसून मींहि ऐकला आहे.

यंदा दिवाळीच्या सुटींत आम्ही पुण्याहून सोनाळ्यास गेलों, तेव्हां आमच्या अकरा वर्षांच्या कन्येनें आजोबांजवळ हट्ट धरिला. अंदमानांतील बॅरन बेटाचें चित्र तिनें कोठेंसें पाहिलें होतें. भारतांतील जागृत ज्वालामुखी तो एकच. 1787 सालीं त्याचा उद्रेक नोंदला गेला, आणि मध्यंतरीं दीर्घकाळ निद्रिस्त राहून 1991 सालीं तो पुनः जागा झाला. तेथें कोणी वस्ती करीत नाहीं; बोटींतून दुरूनच त्याचें दर्शन घ्यावयाचें. "आजोबा, आपण बॅरनला जाऊं या," असें ती म्हणाली. नाना हंसले. "अग, ज्वालामुखी पाहावयास समुद्र कशाला ओलांडावयाचा? आपल्याच जिल्ह्यांत आहे कीं! चल, उद्यां दाखवितों." अशा रीतीनें आमचें जाणें ठरलें.

दुसऱ्या दिवशीं पहांटे साडेचारला आम्ही मोटार जोडून निघालों. सोनाळ्यापासून लोणार सुमारें दीडशें किलोमीटर. सातपुडा पाठीशीं टाकून दक्षिणेकडे वळलें कीं पूर्णा नदीचें सपाट खोरें लागतें. हाच आमचा खारपाणपट्टा. येथील विहिरींचें पाणी खारट. त्यानें डाळ शिजत नाहीं, साबणाला फेंस येत नाहीं, आणि कित्येक घरांत मूत्रपिंडाचे विकार ठाण मांडून बसले आहेत. खाऱ्या पाण्याचें कौतुक आम्हां घाटाखालच्या लोकांस मुळींच नाहीं. म्हणूनच कीं काय, खाऱ्या तळ्याचें दर्शन घेण्याची घाई आम्हांस कधीं झाली नसावी! शेगांवीं श्रीगजानन महाराजांच्या कळसाला बाहेरूनच हात जोडले, खामगांवास चहा घेतला, आणि घाट चढून मेहकरास शारंगधर बालाजीचें दर्शन घेतलें. तेथून लोणार तासाभराच्या आंतच आलें.

गांवांत एका माहीतगार वाटाड्याची गांठ आधींच घालून ठेविली होती. मनुष्य पस्तिशीचा, अंगानें सडसडीत, बोलण्यांत नम्र. नानांचें वय पाहून तो म्हणाला, "गुरुजी, आधीं दैत्यसूदन पाहूं, मग धारेवर जाऊं. खालीं उतरायचं कीं नाहीं तें तुमच्या पायांना विचारून ठरवूं." नानांनीं ताबडतोब उत्तर दिलें, "पायांना कशाला विचारतोस? मी उतरणार आहे."

दैत्यसूदनाचें देऊळ गांवांतच आहे. चालुक्यकालीन शिल्पाचा तो एक उत्तम नमुना असून त्याच्या भिंतींवर व छतांवर पुराणकथा कोरल्या आहेत. गाभाऱ्यांत लवणासुराला पायाखालीं घातलेली विष्णूची मूर्ति. कथा अशी कीं, लवणासुर हा दैत्य भूमीच्या पोटांत बीळ करून राहत असे व लोकांस छळीत असे. विष्णूनें सुंदर तरुणाचें रूप घेऊन त्याच्या बहिणींकडून बिळाचा पत्ता काढिला, पायाच्या अंगठ्यानें वरचें झांकण उडविलें, आणि दैत्याचा वध केला. तें बीळ म्हणजे हें विवर, आणि त्यांतील खारें पाणी म्हणजे दैत्याचें रक्त.

तेथून धारेवर गेलों. विवराच्या कांठावर गोमुखांतून एक गोड्या पाण्याचा झरा अखंड वाहतो. यात्रेकरू त्याखालीं स्नान करतात. दगडी पायऱ्यांवरून चार पावलें पुढें टाकलीं, आणि झाडीच्या फटींतून एकाएकीं तें सर्व दृश्य डोळ्यांसमोर उलगडलें. वाचकहो, चित्रें आम्ही पुष्कळ पाहिलीं होतीं. परंतु चित्रांत खोली दिसत नाहीं. पावणेदोन किलोमीटरांहून अधिक रुंदीची एक जवळजवळ वाटोळी परात; तिच्या उतारांवर दाट हिरवें रान; आणि तळाशीं, कांठापासून सुमारें साडेचारशें फूट खालीं, हिरवट पाण्याचें निश्चल तबक. आमच्यापैकीं कांहीं वेळ कोणीच बोललें नाहीं.

नानांनीं मग काठी उचलली आणि नातीला पाठ सांगावयास आरंभ केला, "हें पाहा, येथून लाव्हा वर आला—" वाटाड्या खालीं मान घालून ऐकत होता. नानांचें बोलणें संपल्यावर तो अतिशय हळू आवाजांत म्हणाला, "गुरुजी, आतां तसं मानीत नाहींत."

नानांची काठी हवेंतच राहिली. "मग कसं मानतात?"

त्यानें जें सांगितलें त्याचा सारांश असा. आपला सारा दख्खन ज्वालामुखीच्याच रसाचा बनलेला आहे, हें खरें. सुमारें साडेसहा कोटि वर्षांपूर्वीं भूमीच्या भेगांतून लाव्ह्याचे लोटच्या लोट आले, ते थरावर थर असे थिजले, आणि त्यांतून आपला काळा बेसाल्ट झाला. त्यामुळें 1823 सालीं अलेक्झांडर नांवाच्या इंग्रज अधिकाऱ्यानें या विवराची नोंद केल्यावर एकोणिसाव्या शतकांतील भूगर्भशास्त्रज्ञांनीं तें ज्वालामुखीचें मुख ठरविलें, यांत नवल नाहीं. परंतु मुख म्हटलें कीं त्यांतून कांहीं तरी बाहेर पडलेलें सांपडावयास हवें. येथें भोंवतालच्या जुन्या थरांहून निराळा असा नवा लाव्हा नाहीं, राखेचे ढीग नाहींत. उलट कांठावरचे थर बाहेरच्या अंगाला उचलून कललेले आहेत, आणि विवरांतून उडालेला दगडमातीचा चुरा सभोंवार पसरला आहे. 1964 सालीं लाफाँ व डीट्झ या शास्त्रज्ञांनीं हा उल्कापाताचा परिणाम असावा अशी शंका प्रसिद्ध केली. पुढें तळ्याच्या तळाला छिद्रें पाडून खालचे खडक वर काढले, त्यांत भुगा झालेला बेसाल्ट आणि 'मास्केलिनाइट' नांवाचा कांचरूप पदार्थ मिळाला. खडकांतील स्फटिकावर असा जबर आघात झाला कीं त्याची अंतर्रचनाच मोडली, म्हणजे हा पदार्थ होतो. ज्वालामुखीच्या अंगीं तेवढा दाब निर्माण करण्याची शक्ति नाहीं. फ्रेड्रिक्सन व त्यांच्या सहकाऱ्यांनीं 1973 सालीं हा पुरावा मांडला, आणि वाद मिटला.

"चंद्रावर जीं विवरें आहेत ना, तसंच हें," वाटाड्या मुलीला म्हणाला. ही तुलना अलंकारिक नव्हे. चंद्रावरील काळसर मैदानें बेसाल्टचींच आहेत. आणि पृथ्वीवर बेसाल्टमध्यें घडलेलीं उल्काविवरें हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीं. म्हणून चंद्राचा अभ्यास करणाऱ्यांस लोणार हें घरबसल्या मिळालेलें चंद्राचें अंगण वाटतें. अमेरिकेंतील ॲरिझोनाचें विवर प्रसिद्ध खरें, पण तें रुंदीनें याहून बरेंच लहान व निराळ्या खडकांतील आहे. लोणारच्या वयाविषयीं मात्र मतभेद आहे: एका पद्धतीनें तें सुमारें पन्नास हजार वर्षांचें ठरतें, तर 2011 सालीं प्रसिद्ध झालेल्या दुसऱ्या मोजणीप्रमाणें पावणेसहा लाख वर्षांच्या घरांत जातें.

नाना कांहींच बोलले नाहींत. काठी टेकीत त्यांनीं पायवाट धरिली, तेव्हां आम्हांस मागोमाग जाणें भाग पडलें.

उतार अवघड नाहीं, पण धोंडे निसरडे आहेत. वाटेंत जुनीं देवळें लागतात. कांहींत शिवलिंग आहे, कांहींत केवळ वटवाघळें. वानरांचे कळप झाडांवरून आम्हांस न्याहाळीत होते, आणि मोरांची केका त्या खोलगट जागेंत घुमून चोहोंकडून ऐकूं येत होती. तळ्याच्या कांठीं कमळजा देवीचें देऊळ आहे. नवरात्रांत येथें यात्रा भरते. सौभाग्यवतीनें देवीची ओटी भरली. जवळच सासू-सुनेची विहीर म्हणून एक जागा दाखवितात. तिच्या एका अंगाचें पाणी गोड व दुसऱ्या अंगाचें खारट, असें सांगतात. गोड कोण व खारट कोण, याचा निर्णय आम्ही वाचकभगिनींवर सोंपवितों!

तळ्याच्या पाण्याला उग्र दर्प येतो. बाहेर जाण्यास वाट नाहीं. पावसाचें व झऱ्यांचें पाणी आंत येतें, उन्हानें उडून जातें, आणि क्षार तेवढे मागें राहतात. त्यांत मिठाबरोबर सोड्याचा अंश मोठा असल्यामुळें पूर्वीं येथून क्षार काढून ते साबण व कांच करण्याकरितां पाठवीत. हें पाणी किती तीव्र आहे याची परीक्षा आमच्या कन्येनें स्वयंपाकघरांतील साधनानेंच केली. घरून तिनें हळदींत भिजवून वाळविलेल्या कागदाची पट्टी आणली होती. कांठावरच्या पाण्याचा एक थेंब तिच्यावर टाकतांच पिवळा रंग पालटून लाल झाला. हळदीला क्षाराची जोड देऊन कुंकू करण्याची रीत आपल्या आज्यांस ठाऊकच होती. तोच हा चमत्कार. मग झऱ्याच्या पाण्याचा थेंब दुसऱ्या पट्टीवर टाकला, ती पिवळीच राहिली. पन्नास पावलांच्या अंतरांत दोन जातींचें पाणी!

इतक्या क्षारांत मासे जगत नाहींत. परंतु सूक्ष्म जीव विपुल आहेत. 2020 च्या जून महिन्यांत हें तळें एकाएकीं गुलाबी झालें, तेव्हां लोकांत मोठी खळबळ उडाली. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेनें पाणी तपासून तें खारेपणांत वाढणाऱ्या, गुलाबी रंगद्रव्य धारण करणाऱ्या अतिसूक्ष्म जीवांचें काम असल्याचें दाखविलें. त्याच वर्षीं रामसर करारान्वयें या पाणथळाला जागतिक महत्त्वाचें स्थान मिळालें. महाराष्ट्रांत नांदूर मध्यमेश्वरानंतरचें हें दुसरें. मात्र मान मिळाला म्हणजे रक्षण झालें असें नव्हे. गांवचें सांडपाणी आंत उतरलें कीं पाण्याचा जो विशेष गुण आहे तोच पातळ होतो. हजारो वर्षें जपलेली ही रसशाळा आपल्या पिढीच्या निष्काळजीपणानें बिघडूं नये, एवढें तरी आपण पाहावयास हवें.

चढतांना नानांचा श्वास लागला. अर्ध्या वाटेवर एका झाडाखालीं वाटाड्यानें त्यांस बसविलें, पाणी दिलें, आणि उन्हाकडे आपण उभा राहून सांवली केली. आमच्या जिवांत जीव नव्हता. पण नानांचें चित्त श्वासाकडे नव्हतेंच. बऱ्याच वेळानें ते म्हणाले, "पस्तीस वर्षें मी मुलांना चुकीचं सांगितलं."

वाटाड्या म्हणाला, "गुरुजी, मलाहि शाळेंत तेंच शिकविलं होतं. तुमच्यासारख्यांनीं सांगितलं नसतं, तर पोरांना लोणार ठाऊकच झालं नसतं."

"ठाऊक होणं निराळं, आणि खरं ठाऊक होणं निराळं," नाना म्हणाले. "मी 1968 मध्यें नोकरीला लागलों, तेव्हां कोणाला नक्की माहीत नव्हतं, तें क्षम्य. पण पुढें तीस वर्षें दीडशें किलोमीटर चालून आलों नाहीं, कोणाला विचारलं नाहीं, त्याला काय म्हणावयाचं?" यावर कोणापाशीं उत्तर नव्हतें. आम्हीं त्यांस हात देऊन सावकाश वर आणलें.

परतीच्या वाटेवर आम्हांस वाटलें कीं ते खिन्न होतील. परंतु घाट उतरतां उतरतां त्यांनीं नातीला जवळ बसवून तिच्याकडून सर्व नांवें व सालें पुनः म्हणवून घेतलीं, आणि आपल्या जुन्या टिपणवहींत उतरवून घेतलीं. मोटारीच्या धक्क्यांनीं अक्षर वेडेंवाकडें झालें, तें घरीं पोहोंचल्यावर कंदिलासारख्या मिणमिणत्या दिव्याखालीं सुवाच्य काढिलें.

सुटी संपून शाळा उघडली तेव्हां आम्ही पुण्यास परतलों होतों. आईनें फोनवर सांगितलें कीं, नाना शाळेंत गेले, आणि हल्लींच्या शिक्षकांची परवानगी घेऊन अर्धा तास वर्ग घेतला. प्रथम त्यांनीं फळ्यावर तेंच वाटोळें वर्तुळ काढलें, त्याखालीं नळी व वर जाणारा बाण काढला, आणि म्हणाले, "हें मी तुमच्या आईबापांना शिकविलं. तें चूक होतं. घरीं जाऊन त्यांना सांगा." मग ओल्या फडक्यानें नळी पुसून टाकली, आणि आकाशांतून खालीं येणारा तिरपा बाण काढला.

लोणार पाहिलें नसेल त्यांनीं अवश्य पाहावें; जातांना हळदीची एक पट्टी बरोबर न्यावी, आणि घरांतील वडील मंडळींस, पाय चालत आहेत तोंवर, मागें ठेवूं नये.