सलग जागा

बदलीच्या नोकरीत तीस-बत्तीस वर्षे काढलेल्या माणसाला सामान बांधण्याची विद्या आपोआप साध्य होते. कोणते खोके तळाशी जावे, काचेचे सामान कोणत्या गादीच्या घडीत सुखरूप राहील, हे त्याला कोणी सांगावे लागत नाही. मात्र सामान टाकून देण्याची विद्या त्याला बहुधा येत नाही. कारण 'पुढच्या गावी बघू' हा मंत्र त्याच्या तोंडी सदैव तयार असतो. माझ्यापुरता हा मंत्र यंदा संपला. पुढल्या वर्षी मी निवृत्त होईन, आणि कलकत्त्याहून साताऱ्यास जे सामान जाईल ते पुन्हा कोठेही जाणार नाही. तेव्हा गेल्या पावसाळ्यात एका रविवारी मी माळ्यावरची खोकी खाली घेतली आणि हिशेबतपासनिसाच्या कठोर दृष्टीने एकेकाचा निवाडा करू लागलो.

तिसऱ्या की चौथ्या खोक्यात चिरंजीवांचे व्हिडिओ गेमचे यंत्र निघाले. सोनी कंपनीचे प्लेस्टेशन टू. काळे, चपटे, जाडजूड पुस्तकाएवढे. २००७ च्या दिवाळीत जबलपूरला ते घेतले, तेव्हा तो अकरा वर्षांचा होता. हे यंत्र जपानात मार्च २००० मध्ये प्रथम बाजारात आले आणि २०१३ च्या आरंभी त्याचे उत्पादन थांबले; तोवर जगभर ती पंधरा कोटींवर खपली होती. आमचे त्यांतलेच एक. सोबत दोन हातयंत्रे, तारांचे भेंडोळे, आठ मेगाबाइटचे एक मेमरी कार्ड आणि चार चकत्या. चारच! मुलाच्या मित्रांकडे चकत्यांच्या थप्प्या असत, पण त्या रस्त्यावर मिळणाऱ्या नकली. आमच्या घरी पावतीवाचून काही यायचे नाही, आणि पावतीची चकती वर्षाकाठी एखादीच परवडे. 'तपासनिसाचा मुलगा' म्हणून त्याने जे काही सोसले असेल त्यात ही एक बाब जमेस धरावी लागेल.

तारा जोडून पाहिल्या. दिवा लागला, पडद्यावर ते ओळखीचे निळसर धुके उतरले. परंतु चकती घातली की यंत्र खरखर करी, विचारात पडे, आणि अखेर वाचता येत नाही असे सांगून मोकळे होई. पाच गावांची धूळ आणि अठरा वर्षांचे वय! चकती वाचणारा त्याचा लेसरचा डोळा अधू झाला होता. मी त्याला 'भंगार' या सदराखाली टाकले. पत्नी म्हणाली, "अहो, त्याला एकदा विचारा तरी." मी म्हटले, त्यात विचारायचे काय? पण विचारले. बंगळूरहून तो फोनवर क्षणभर थांबला आणि म्हणाला, "यंत्राचे काय करायचे ते करा, बाबा. पण कार्डावरचा क्रिकेटचा संघ तेवढा राहू द्या."

"कसला संघ?"

"खेळ चालू झाला तर दिसेल," एवढेच तो बोलला.

आता पंचाईत अशी की, कार्डावर काय आहे हे यंत्र दाखवते, पण वरवर. प्रत्येक नोंदीचे एक लहानसे चित्र पडद्यावर गरगर फिरते. खाली खेळाचे नाव आणि तारीख. क्रिकेटच्या नोंदीवर मे २०१४ मधली रात्रीची पावणेबाराची वेळ होती. त्या नोंदीच्या पोटात काय आहे हे मात्र तो खेळ सुरू झाल्याखेरीज कळत नाही. आणि खेळ सुरू व्हायचा तर चकती वाचली गेली पाहिजे.

कोणी तरी सांगितले म्हणून यंत्र पिशवीत घालून चांदनीच्या बाजारात गेलो. तेथे एका बोळवजा दुकानात पंचविशीचा एक मुलगा बसला होता. त्याने मला 'काकू' म्हणून हाक मारली. बंगालीत 'काकू' म्हणजे काका, हे ठाऊक असूनही मराठी माणूस दर वेळी किंचित दचकतोच. त्याने यंत्र उलटे करून, वैद्याने जीभ पाहावी तसे खालच्या चिठ्ठीवरचे आकडे पाहिले आणि समाधानाने मान हलवली. सर्वांत शेवटी निघालेल्या काही यंत्रांवर त्याचा इलाज चालत नाही. आमचे त्याआधीचे होते.

इलाज ऐकून मी थक्क झालो. पूर्वी अशा यंत्राला खेळ फसवून वाचायला लावायचे म्हणजे ते उघडून आत एक चिप डाग देऊन बसवावी लागे. आता स्क्रूसुद्धा फिरवावा लागत नाही. हे यंत्र जागे होताच चकतीकडे वळण्यापूर्वी मेमरी कार्डाकडे पाहते. उत्पादकाने एखादी सुधारणा तेथे ठेवली आहे काय, याची चौकशी करते. सुधारणेसाठी ठेवलेल्या या दारानेच हौशी मंडळींनी २००८ च्या सुमारास 'फ्री मॅकबूट' नावाचा एक छोटा प्रोग्राम आत सोडला. तो एकदा शिरला की 'ओपन पीएस टू लोडर' नावाचा दुसरा प्रोग्राम चालवता येतो, आणि हा दुसरा गृहस्थ चकतीऐवजी पेन ड्राइव्हवरून खेळ वाचतो. कार्ड काढून घेतले की यंत्र पुन्हा होते तसे सोवळे. बदल यंत्रात होत नाही. तो केवळ त्याच्या स्मरणात होतो.

"कार्ड दीजिए, इसी में डाल देता हूँ," तो म्हणाला. मी कार्ड पुढे केले. त्याने ते आपल्या यंत्रात लावून पाहिले आणि म्हणाला, "फुल है, काकू. पुराना सब उड़ा दूँ?"

मी खरोखरच 'हो' म्हणणार होतो. जुन्या नस्त्या नष्ट करण्याच्या किती आदेशांवर मी अशीच, वर न पाहता, सही केली असेल! मग फोनवरचा तो क्षणभराचा थांबा आठवला, आणि मी नवे कार्ड मागितले. तो प्रोग्राम ज्या कार्डावर बसवावा त्याच्याशीच बांधला जातो, एका कार्डावरून दुसऱ्यावर नुसता उतरवून चालत नाही. म्हणून मुलाने नव्या कार्डावर तो माझ्यासमोर रीतसर बसवून दिला. वर म्हणाला, हवे तर पेन ड्राइव्हमध्ये चाळीस खेळ भरून देतो, थोडेच पैसे पडतील.

मी नको म्हटले. घरी येऊन कायदा उघडला. सवय जात नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात, कलम ५२ मध्ये, संगणक प्रोग्रामची प्रत ज्याच्या कायदेशीर ताब्यात आहे त्याला ती हरवण्या-बिघडण्यापासून संरक्षण म्हणून राखीव प्रत करण्याची मुभा आहे. आणि २०१२ मध्ये घातलेल्या ६५-अ कलमात, हक्क भंग करण्याच्या हेतूने संरक्षक कुलूप मोडणाऱ्यास शिक्षाही आहे. या दोहोंमधली रेघ नेमकी कोठे पडते हे ठरवणे न्यायाधीशांचे काम. मी माझ्यापुरता शेरा लिहिला: चार चकत्या, चार पावत्या, चार प्रती, पाचवी नाही.

मग आठवडाभर माझ्या संध्याकाळी त्या कामात गेल्या. घरच्या जुन्या संगणकाला चकती वाचणारा खण अजून आहे. क्रिकेटची चकती मऊ फडक्याने मधून कडेकडे पुसली, आणि दुसऱ्या प्रयत्नात तिची संपूर्ण प्रत एका फाइलमध्ये उतरली. ती पेन ड्राइव्हवर टाकली, यंत्राला लावली, यादी कोरी! चौकशीअंती कळले की फाइल 'डीव्हीडी' नावाच्या कप्प्यातच ठेवावी लागते, बाहेर ठेवलेली त्याला दिसत नाही. हे ऐकून मला त्या लोडरविषयी आपुलकी वाटू लागली. चुकीच्या फडताळात ठेवलेली नस्ती अस्तित्वातच नाही असे मानणारे कारकून मी पुष्कळ पाहिले आहेत.

कप्पा केला, फाइल हलवली. आता यादीत नाव आले. परंतु निवडताच निराळी हरकत उमटली: फाइल तुकड्यांत विखुरलेली आहे. पेन ड्राइव्हवर पूर्वी लग्नकार्याचे फोटो होते. त्यांतले काही पुसून जी जागा मोकळी झाली, तीत माझा खेळ येथे थोडा, तेथे थोडा असा जाऊन बसला होता. संगणकाला त्याचे काही वाटत नाही. तो तुकडे गोळा करून घेतो. या जुन्या यंत्राला मात्र सलग जागा लागते. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत न तुटता मांडलेलाच खेळ तो लोडर स्वीकारतो. ज्या खेळाच्या फाइलीस चार गिगाबाइटची मर्यादा आड येते, ग्रॅन टुरिस्मो ४ सारखा दोन थरांच्या चकतीवरचा, तो 'फॅट ३२' पद्धतीच्या पेन ड्राइव्हवर ठेवायचा तर एकेक गिगाबाइटचे तुकडे करतात. पण तेथेही 'यूएल डॉट सीएफजी' नावाची एक लहानशी फाइल सोबत ठेवावी लागते. खेळाचे नाव काय, तुकडे किती, याची नोंद तीत असते. ती नोंदवही हरवली की तुकडे जागच्या जागी असूनही खेळ नाहीसा होतो.

पेन ड्राइव्ह संपूर्ण रिकामा केला, आधी खेळ ठेवला, मग बाकीचे. रात्री साडेदहाला 'क्रिकेट ०७' सुरू झाला. आरंभीची चित्रफीत अडखळत चालली. या यंत्राचे यूएसबीचे दार जुन्या, मंद जातीचे असल्यामुळे तसे होते. खेळ मात्र सुरळीत होता. दुसऱ्या खाचेत जुने कार्ड लावून मी ती २०१४ ची नोंद उघडली.

येथे वाचकांस एक गोष्ट सांगितली पाहिजे. हा खेळ २००६ च्या अखेरीस निघाला तेव्हा खऱ्या नावांचा परवाना इंग्लंड व ऑस्ट्रेलिया यांच्यापुरताच होता. आपल्या खेळाडूंची नावे त्यात मोडतोड करून घातली होती. ती बदलण्याची सोय मात्र होती, आणि देशभरच्या मुलांनी एकेक अक्षर निवडत ती सुधारून घेतली. मला वाटले, आमच्या चिरंजीवांनीही तेच केले असेल.

भारताचा संघ उघडला. त्यात एकही खेळाडू भारतीय संघातला नव्हता. अकरा नावे होती, रोमन लिपीत. एक आसामी आडनाव, एक सरदारजी, दोन उडिया, एक मिश्र; काही नुसतीच टोपणनावे. मी पुन्हा पहिल्यापासून वाचू लागलो, आणि चौथ्या नावाशी थबकलो. हा जबलपूरच्या आमच्या वसाहतीतला, फाटकाशी उभा राहून हाक मारणारा मुलगा. सातवा भुवनेश्वरचा, बहुधा शाळेच्या गाडीतला सोबती. बाकीची नऊ नावे मला परकी होती. ज्या गृहस्थाने हजारो वहीखाती तपासली, कोणत्या कार्यालयात कोणती पावती गहाळ आहे हे जो झोपेतही सांगेल, त्याला स्वतःच्या मुलाच्या अकरा मित्रांपैकी दोन ओळखता आले.

हिशेब केला तेव्हा त्या नोंदीची वेळही उमगली. मे २०१४ म्हणजे लखनौ सोडण्याची रात्र. सकाळी मालमोटार यायची होती. मुलगा यंत्र बांधू देईना म्हणून मी त्याला रागावलो होतो, हे मला आठवते. तो बहुधा शेवटची दोन नावे घालत असावा. गोहाटी, जबलपूर, भुवनेश्वर, लखनौ. प्रत्येक ठिकाणी आम्ही त्याला नवे दप्तर, नवी शाळा, नवी भाषा दिली, आणि 'मुलांना काय, मुले रुळतात' असे एकमेकांना सांगितले. आपण सारेच असे सांगत आलो आहोत. मुले रुळतात हे खरे. पण त्याला सलग जागा मिळाली नाही; त्याचे बालपण जेथे जेवढी जागा मोकळी होती तेथे तेवढे मांडले गेले. तुकड्यांची नोंदवही त्याने स्वतःच ठेवली होती, आणि ती मी चांदनीच्या बाजारात पुसून घेणार होतो.

रात्र झाली होती तरी त्याला फोन केला. म्हटले, "संघ पाहिला." तो हसला. मी विचारले, "यात माझे नाव नाही ते?"

"तुम्ही कसे असणार, बाबा? तुम्ही निवड समितीत होता. संघाने पुढे कुठे खेळायचे ते तुम्हीच ठरवायचात."

त्याच्या बोलण्यात तक्रार नव्हती, आणि म्हणूनच मला उत्तर सुचेना. बदलीचे आदेश मीही वरूनच घेत होतो, असे सांगता आले असते. ते खरेही होते. पण ज्या घरात तो आदेश वाचून दाखवला जाई तेथे तो माझ्याच तोंडून ऐकू येई. अखेर मी म्हटले, "मला यांतले दोघेच माहीत आहेत. बाकीचे कोण ते सांग."

"आत्ता? एक वाजत आलाय."

"सलामीच्या जोडीपासून सांग."

त्याने सांगायला सुरुवात केली. पहिला गोहाटीचा, ब्रह्मपुत्रेला पूर आला की ज्याच्या घरी शाळेची सुट्टी पहिल्यांदा कळे तो. दुसरा जबलपूरचा डावखुरा. याला आम्ही निघालो त्या दिवशी ताप होता आणि तो निरोपाला आला नव्हता. पत्नीही उठून शेजारी येऊन बसली. तिला माझ्याहून बरीच नावे ठाऊक होती. एक-दोन ठिकाणी तिने त्याची चूकसुद्धा दुरुस्त केली.

दुसऱ्या दिवशी मी ती नोंद नव्या कार्डावर आणि संगणकावर अशा दोन्ही जागी उतरवून ठेवली, आणि सामानाच्या यादीत यंत्राचा नग 'भंगार' सदरातून काढून 'हाती न्यावयाचे' या सदरात लिहिला. त्या रात्री आम्ही सातव्या नावापर्यंत पोचलो होतो. उरलेले चौघे तो पूजेच्या सुट्टीत आला की सांगणार आहे.