असीरगड : राजांचे आसन आणि राजपुत्रांचा बंदिखाना

वरणगावाहून बऱ्हाणपूर फारसे दूर नाही. भुसावळास गाडी बदलावी, तापीचा पूल ओलांडावा, आणि सावदा, निंभोरा, रावेर ही केळीच्या बागांतील स्थानके मागे टाकावी, की खानदेशाची जुनी राजधानी दृष्टीस पडते. सांप्रत हे नगर मध्यप्रदेशात मोडते, म्हणून आपल्याकडील मंडळी त्यास परमुलूख समजतात. परंतु ज्यांच्या 'खान' या पदवीवरून आपल्या प्रांताचे नाव पडले असे कित्येक इतिहासकार मानतात, त्या फारुकी घराण्याचे वैभव येथेच नांदले. रशियाच्या पीटर बादशहाची हकीकत आपल्या मुलांस तोंडपाठ असते. परंतु ज्या राजांनी सुमारे सव्वादोनशे वर्षे आपल्याच तापीकाठी राज्य केले, त्यांची नावे विचारली असता घरातील वडीलधारेही निरुत्तर होतात.

बऱ्हाणपुरास गेलेल्या संस्कृतज्ञाने प्रथम पाहावी ती जामा मशीद. काळ्या पाषाणाची ही इमारत घुमटविरहित असून तिच्या दर्शनी भागी पंधरा कमानी व दोन उंच मिनार आहेत. आत भिंतीवर अरबी लेखाबरोबर देवनागरीत कोरलेला संस्कृत लेख आहे. मशिदीत संस्कृत श्लोक पाहून आम्हांस प्रथम विस्मय वाटला आणि वाचता वाचता त्या विस्मयाचे आनंदात रूपांतर झाले. आरंभी सृष्टिकर्त्यास नमन आहे. ते अशा शब्दांत की मौलवीने म्हणावे आणि वेदान्त्यानेही मान डोलवावी. पुढे राजवंशाचे वर्णन असून शेवटी विक्रम संवत् 1646, शके 1511, पौष मास, तसेच तिथी, नक्षत्र, योग व करण अशी पंचांगाची सर्व अंगे दिली आहेत. इंग्रजी गणनेने हा काळ 1590 च्या जानेवारीचा होय. मशीद बांधविणारा राजा अलीखान ऊर्फ आदिलशहा. लेखात त्यास 'एदलशाह' म्हटले आहे.

या लेखातील वंशावळ मात्र बारकाईने वाचण्यासारखी आहे. मलिक राजा, त्याचा पुत्र गजनी, त्याचा केसरखान, त्याचा हसन, त्याचा एदलशाह, त्याचा मुबारख आणि त्याचा पुत्र प्रस्तुतचा एदलशाह अशी ही पितापुत्रांची सात पिढ्यांची माळ आहे. परंतु 1457 पासून 1501 पर्यंत चव्वेचाळीस वर्षे राज्य करून ज्याने गोंडवनापर्यंत आपला दरारा बसविला, तो दुसरा आदिलखान या माळेत नाही. त्याच्यामागून गादीवर आलेला त्याचा भाऊ दाऊदखानही नाही. कारण ती वडील शाखा 1508 च्या सुमारास खुंटली आणि गादी दुसऱ्या शाखेकडे गेली. ज्याचा वंश सिंहासनावर टिकला, त्याच्याच वाडवडिलांस शिळेवर स्थान मिळाले. चंद्र, सूर्य व तारे आहेत तोवर हे फारुकी कुल भूतलावर नांदो, अशी आशा लेखकाने तेथेच व्यक्त केली आहे. ती कोरल्यास पुरती अकरा वर्षे होतात न होतात, तोच ते राज्य लयास गेले.

ते लयास कसे गेले हे समजण्यास असीरगडी जावे लागते. बऱ्हाणपुराच्या उत्तरेस सुमारे वीस किलोमीटरांवर, खंडव्याच्या वाटेवर, सातपुड्याच्या एका सुळक्यावर हा गड उभा आहे. पायथ्यापासून त्याची उंची सुमारे 260 मीटर असून मलयगड, कमरगड व असीरगड असे त्याचे तीन तट आहेत. वर एक शिवालय आहे. तेथे चिरंजीव अश्वत्थामा नित्य पहाटे फूल वाहून जातो अशी लोकांची श्रद्धा आहे. जुन्या काळी हा गड आसा अहीर नामक धनाढ्य गवळ्याचा होता. मलिक राजाचा पुत्र नसीरखान याने, आपल्या कुटुंबास शत्रूभयाने आश्रय द्यावा, अशी त्यास विनंती केली. त्या सज्जनाने होकार दिला. डोल्या गडावर आल्या, आसा अहीर पुत्रांसह स्वागतास सामोरा गेला, आणि डोल्यांतून स्त्रियांऐवजी सशस्त्र शिपाई बाहेर पडले. इतिहासकार फेरिश्ता याने ही कथा दिली आहे.

विश्वासघाताने मिळालेल्या या गडाचा पुढे उपयोग काय झाला? मलिक राजाने 1399 मध्ये मरण्यापूर्वी आपल्या दोन पुत्रांत वाटणी करून ठेविली होती : धुळ्याजवळील लळिंग नसीरास आणि तापीकाठचे थाळनेर धाकट्या इफ्तिखारास. मिताक्षरेने सांगितलेला पिता तरी याहून निराळे काय करता? परंतु राज्य म्हणजे शेत नव्हे. 1417 मध्ये नसीराने माळव्याच्या सुलतानाचे साह्य घेऊन थाळनेर जिंकले व पाठच्या भावास असीरगडी कोंडले. पुढे राजाने आपले भाऊबंद गडावर अटकेत ठेवावे, हा जणू कुलाचारच होऊन बसला. शेवटचा राजा बहादुर हाही राज्यारोहणापूर्वी दीर्घकाल बंदीत होता, असे जुने इतिहासकार सांगतात.

त्याचा पिता राजा अलीखान अकबराचा मांडलिक झाला होता. 1597 मध्ये गोदातीरी दक्षिणेच्या फौजांशी मोगलांच्या बाजूने लढताना तो धारातीर्थी पडला. तो शत्रूस मिळाला असे समजून मोगलांनी त्याचीच छावणी लुटली, आणि प्रेत सापडले तेव्हा त्याची निष्ठा सिद्ध झाली! बहादुराने अकबराशी वाकडे घेतले. 1600 मध्ये बादशहा जातीने बऱ्हाणपुरी आला. गडास वेढा पडला, आत रोगाची साथ पसरली, आणि बहादुर तहाच्या आशेने खाली उतरला, तो अडकविला गेला. 1601 च्या जानेवारीत गड पडला. गडावर सात राजपुत्र होते. परंतु गादीवर बसून गड लढविण्यास त्यांतील एकही पुढे झाला नाही, असे तत्कालीन जेझुइट पाद्र्यांच्या वृत्तांतात आहे. यात नवल ते काय? ज्यांस जन्मभर कोठडीत ठेविले, त्यांच्या अंगी ऐन वेळी राजतेज कोठून यावे? बहादुराची रवानगी ग्वाल्हेरच्या किल्ल्यात झाली. अकबराने आपल्या विजयाचा लेख त्याच जामा मशिदीत कोरविला. दोन्ही लेख आजही तेथे आहेत.

हे केवळ आपल्याकडेच घडले असे नाही. रशियात 1740 मध्ये सहावा इव्हान हा दोन महिन्यांचा बालक बादशहा झाला. तो पीटरच्या सावत्र भावाचा पणतू. पुढल्याच वर्षी पीटरची कन्या एलिझाबेथ हिने गादी बळकावली, त्याच्या नावाची नाणी परत मागविली, आणि त्यास बंदीत टाकले. श्ल्युसेलबुर्गच्या किल्ल्यात 1764 मध्ये, वयाच्या तेविसाव्या वर्षी, पहारेकऱ्यांच्या हातून त्याचा वध झाला. पीटरने 1722 मध्ये कायदा केला होता की बादशहाने आपला वारस आपण नेमावा. आणि स्वतः तो 1725 मध्ये वारस न नेमताच निवर्तला. पॉल बादशहाने 1797 मध्ये ज्येष्ठाधिकाराचा पक्का नियम घातला. चारच वर्षांत त्याचा खून झाला, आणि तो कट त्याच्या थोरल्या मुलास अगदीच अज्ञात नव्हता.

तेव्हा वाटणी करून भागले नाही, वारस नेमण्याचा अधिकार देऊन भागले नाही, आणि नियम लिहूनही भागले नाही. आमच्या मते दोष निराळ्याच ठिकाणी आहे. या राजकुलांत धाकट्या भावास दोनच जागा होत्या : सिंहासन किंवा कोठडी. ज्यास अधिकार नाही, परंतु मान आहे, अशी तिसरी जागा कोणी निर्माण केली नाही. आमच्या एकत्र कुटुंबांत सिंहासन नसते; तरी कर्त्या पुरुषाची गादी असतेच, आणि न मिळविणाऱ्या दिरास, विधवा भावजयीस किंवा मागे पडलेल्या पुतण्यास कोठडी नसली तरी पडवीचा कोपरा दाखविला जातो. ज्या घरात अशा माणसाचा सल्ला पंगतीत विचारला जातो, ते घर संकटकाळी एकवटते. ज्या घरात तो विचारला जात नाही, तेथे वेढा पडल्यावर पुढे होण्यास कोणी उरत नाही.