रोजचे दोन शब्द

दिवाळीत मुलाने आपला जुना गेम बॉय ॲडव्हान्स कपाटातून काढला. धाराशिवच्या आमच्या घरी पक्षाघातानंतर आई अंथरुणाला खिळलेली होती. वडील तिची सेवा चोख करीत. बोलणे मात्र थांबले होते.

खेळ होता २००३ चा ‘हार्वेस्ट मून : फ्रेंड्स ऑफ मिनरल टाउन’. मारिओप्रमाणे राजकन्येची सुटका करून येथे भागत नाही. नायक शेत राखतो, आवडत्या मुलीशी रोज बोलतो, भेटवस्तू देतो. तसतसा तिच्या हृदयचिन्हाचा रंग बदलत लाल होतो. घरही वाढवले, की निळे पीस देऊन लग्नाची मागणी घालायची.

वडिलांनी विचारले, “रोज बोलावं लागतं का रे?”

“हो आजोबा, रोज.”

दुसऱ्या दिवशी आईच्या उशाशी परसातले जास्वंदीचे फूल होते. “आज कसं वाटतंय गं?” वडील विचारीत होते. आईला शब्द सापडेना. तिने त्यांचा हात धरला.

औषधांच्या वेळा मीच लिहून दिल्या होत्या. बोलण्याची वेळ लिहायची राहिली होती. शुश्रूषा करणाऱ्यांनी ती आपल्या कागदावर अवश्य लिहावी.